ग्रेस हॉपर जीवनपरिचय : डीएलएल फाइल सापडत नाही, या एररची ७० वर्षांपूर्वीची गोष्ट



नवीन गेम डाउनलोड केला, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि गेमऐवजी एक छोटी खिडकी उघडली. अमुक नावाची डीएलएल फाइल या कॉम्प्युटरवर नाही, म्हणून प्रोग्रॅम सुरू होऊ शकत नाही. ओके दाबलं की खिडकीही बंद आणि गेमही बंद. विंडोज लॅपटॉप वापरणाऱ्या बहुतेकांना ही खिडकी कधी ना कधी भेटतेच. मग बरेच जण काय करतात? फाइलचं नाव गुगलवर टाकतात, समोर येईल त्या साइटवरून ती उतरवतात आणि कुठल्यातरी फोल्डरमध्ये टाकून देतात. कधी चालतं, कधी चालत नाही, आणि कधी फाइलबरोबर भलताच पाहुणा लॅपटॉपमध्ये शिरतो.

ही पद्धत का टाळायची, हे एका बाईंच्या आयुष्यातून फार छान कळतं. त्यांचं नाव ग्रेस हॉपर. प्रोग्रॅमचे तयार तुकडे एका जागी ठेवायचे, प्रत्येकाला ओळख-क्रमांक द्यायचा आणि ते शोधून जोडायचं काम कॉम्प्युटरवरच सोपवायचं, हे त्यांनी १९५२ च्या सुमारास प्रत्यक्ष करून दाखवलं. आज आपण त्यांचं आयुष्य पाहू. शेअर्ड लायब्ररी म्हणजे काय आणि ती हरवली तर नेमकं काय करायचं, हेही त्यातच येईल.

थोडक्यात ओळख

पूर्ण नाव : ग्रेस ब्रूस्टर मरे हॉपर
जन्म : ९ डिसेंबर १९०६, न्यूयॉर्क
शिक्षण : व्हॅसर कॉलेज, नंतर येल विद्यापीठातून गणितात पीएचडी (१९३४)
काम : गणिताच्या प्राध्यापिका, नौदल अधिकारी, प्रोग्रॅमर
मुख्य कामगिरी : ए-झिरो कंपायलर, फ्लो-मॅटिक, कोबॉल भाषेचा पाया
मृत्यू : १ जानेवारी १९९२, आर्लिंग्टन, व्हर्जिनिया

आधी समजून घेऊ : शेअर्ड लायब्ररी म्हणजे काय?

आपल्याकडे अनेक गावांत शंभर माणसांचा भात होईल असं पातेलं प्रत्येक घरात नसतं. ते देवळात किंवा समाजमंदिरात ठेवलेलं असतं. ज्याच्या घरी कार्य असेल त्याने आणायचं, काम झालं की परत ठेवायचं. घराघरात जागा अडत नाही आणि पातेल्याला कल्हई करायची तर एकदाच करावी लागते.

शेअर्ड लायब्ररी म्हणजे कॉम्प्युटरमधलं हे सामायिक पातेलं. खिडकी उघडणं, आवाज वाजवणं, फोटो दाखवणं, इंटरनेटवर सुरक्षित जोडणी करणं ही कामं शेकडो प्रोग्रॅमना लागतात. प्रत्येकाने त्यासाठी वेगळा कोड लिहायचा नाही. एकदा लिहिलेला कोड एका फाइलमध्ये असतो आणि सगळे तो वापरतात. विंडोजमध्ये या फाइलच्या नावाच्या शेवटी डीएलएल असतं, लिनक्स आणि अँड्रॉइडमध्ये एसओ असतं, तर मॅकवर डायलिब.

फायदा उघड आहे : जागा वाचते, रॅम वाचते, आणि एखादी चूक दुरुस्त करायची तर एकाच फाइलमध्ये करावी लागते. तोटाही उघड आहे. पातेलं जागेवर नसेल तर अख्खं कार्य अडतं. ती एरर म्हणजे हेच.

पण मुळात कोड सामायिक ठेवायची गरज पडली कशी? त्यासाठी हॉपरबाईंकडे जाऊ.

बालपण आणि शिक्षण

ग्रेस लहानपणापासून उपद्व्यापी. ७ वर्षांची असताना गजराचं घड्याळ आतून कसं चालतं हे बघायला तिने ते उघडलं. परत जोडता येईना, म्हणून दुसरं उघडलं. असं करत घरातली ७ घड्याळं सुटी झाली, तेव्हा आईच्या लक्षात आलं. आईने मुलीला घड्याळ उघडायची बंदी केली नाही, फक्त एकाच घड्याळापुरती परवानगी ठेवली.

व्हॅसर कॉलेजचा पहिला प्रयत्न लॅटिनच्या परीक्षेमुळे हुकला. पुढच्या वर्षी प्रवेश मिळाला आणि १९२८ मध्ये गणित व भौतिकशास्त्रात पदवी झाली. १९३० मध्ये येलमधून मास्टर्स आणि त्याच वर्षी व्हिन्सेंट हॉपर यांच्याशी लग्न. १९३१ पासून त्या व्हॅसरमध्येच शिकवू लागल्या आणि १९३४ मध्ये गणितातली पीएचडी पूर्ण केली. त्या काळात बाईने गणितात पीएचडी करणं ही फार दुर्मीळ गोष्ट होती. नोकरी पक्की होती, मान होता. आयुष्य असंच सरळ गेलं असतं तर आज आपण त्यांच्याबद्दल वाचतही नसतो.

युद्ध आणि नौदल

डिसेंबर १९४१ मध्ये जपानने पर्ल हार्बरवर हल्ला केला आणि अमेरिका दुसऱ्या महायुद्धात उतरली. हॉपरबाईंना नौदलात जायचं होतं, पण अडचणी तीन : वय जास्त, वजन नियमापेक्षा सुमारे १५ पौंड कमी, आणि गणिताच्या प्राध्यापकांची देशाला कॉलेजातच गरज आहे असं सरकारचं म्हणणं. त्यांनी वजनाची सूट मिळवली, कॉलेजातून रजा मिळवली आणि डिसेंबर १९४३ मध्ये नौदलाच्या राखीव दलात दाखल झाल्या. प्रशिक्षणात त्या पहिल्या आल्या.

नेमणूक मात्र जहाजावर झाली नाही. जुलै १९४४ मध्ये त्यांना हार्वर्ड विद्यापीठात पाठवण्यात आलं. तिथे हॉवर्ड एकन यांच्या हाताखाली एक अजस्र यंत्र चालू होतं. नाव मार्क वन. लांबी ५१ फूट, उंची ८ फूट. सेकंदाला ३ बेरजा, आणि एका गुणाकाराला जवळपास ६ सेकंद. तुमच्या हातातल्या फोनपुढे हे हास्यास्पद वाटेल, पण तेव्हा माणसांच्या पथकाला महिने लागणारी गणितं हे यंत्र काही दिवसांत सोडवत होतं. प्रोग्रॅम कागदी पट्टीवर भोकं पाडून द्यायचा. एक भोक चुकलं तर उत्तर चुकलं, आणि उत्तर युद्धासाठी हवं असायचं.

वह्यांमधली लायब्ररी

मार्क वनवर हॉपरबाईंबरोबर रिचर्ड ब्लॉक आणि रॉबर्ट कॅम्बेल हे दोन तरुण प्रोग्रॅमर होते. काम करता करता तिघांच्या लक्षात आलं की काही तुकडे पुन्हा पुन्हा लागतात. एखाद्या कोनाचा साइन काढायचा, वर्गमूळ काढायचं, घात काढायचा. एकदा तपासून बरोबर ठरलेला तुकडा ते वहीत लिहून ठेवू लागले. पुढच्या वेळी गरज पडली की एकमेकांच्या वहीतून उतरवून घ्यायचं.

म्हणजे कोडची लायब्ररी तेव्हाच सुरू झाली होती. फक्त ती वह्यांमध्ये होती आणि ती जोडणारं यंत्र म्हणजे माणूस होता.

इथेच खरी गोम होती. शाळेत मित्राच्या वहीतून गणित उतरवताना काय होतं ते आठवा. ७ चा १ होतो, एखादी ओळ गळते. मूळ तुकडा शंभर टक्के बरोबर असला तरी उतरवलेली प्रत बरोबर असेलच असं नाही. आणि प्रत चुकली तर दोष शोधायला तासन् तास जायचे, कारण मूळ तुकड्यावर कुणाला संशयच येत नसे.

याच काळातली एक गोष्ट तुम्ही ऐकली असेल. ९ सप्टेंबर १९४७ रोजी मार्क टू हे पुढचं यंत्र बिघडलं आणि त्याच्या एका रिलेमध्ये पतंग, म्हणजे उडणारा किडा, अडकलेला सापडला. तो चिकटपट्टीने नोंदवहीत लावून ठेवला गेला. पुष्कळ ठिकाणी असं सांगतात की बग हा शब्द तिथून आला आणि किडा हॉपरबाईंनी पकडला. खरं तर यंत्रातल्या दोषाला बग म्हणायची पद्धत एडिसनच्या काळापासून होती, आणि किडा सापडला तो पथकातल्या लोकांना. हॉपरबाईंनी तो किस्सा रंगवून सांगून जगभर पोहोचवला, इतकं नक्की.

फिलाडेल्फिया आणि ए-झिरो

युद्ध संपलं. १९४५ मध्ये घटस्फोट झाला होता. हार्वर्डमध्ये कायमची जागा मिळण्याची चिन्हं नव्हती. १९४९ मध्ये त्या फिलाडेल्फियातल्या एकर्ट-मॉकली या नव्या कंपनीत दाखल झाल्या. आजच्या भाषेत ती स्टार्टअपच होती, आणि पैशांची चणचणही स्टार्टअपसारखीच. १९५० मध्ये रेमिंग्टन रँड कंपनीने ती विकत घेतली. तिथे युनिव्हॅक हा कॉम्प्युटर तयार होत होता, जो १९५१ मध्ये अमेरिकेच्या जनगणना खात्याला दिला गेला.

युनिव्हॅक मार्क वनपेक्षा कितीतरी वेगवान होता. पण प्रोग्रॅम लिहिणारी माणसं तीच आणि सवयीही त्याच. वहीतला तुकडा नव्या प्रोग्रॅममध्ये घालताना आता दोन अडचणी येत. पहिली जुनीच, उतरवण्याची. ४ चा आकडा घाईत ए वाटायचा, बी अक्षराचं १३ व्हायचं. दुसरी बेरजेची. वहीतला प्रत्येक तुकडा शून्य क्रमांकाच्या जागेपासून सुरू होतो असं धरून लिहिलेला असे. तो प्रोग्रॅममध्ये समजा ३०० व्या जागेवर बसवायचा असेल, तर त्यातल्या प्रत्येक पत्त्यात ३०० मिळवावे लागत. एक बेरीज चुकली की प्रोग्रॅम भलत्याच ठिकाणी उडी मारणार.

हॉपरबाईंचा विचार साधा होता. बेरीज आणि नक्कल ही दोन कामं माणूस वाईट करतो आणि यंत्र उत्तम करतं. मग ती माणसाने का करायची?

ऑक्टोबर १९५१ ते मे १९५२ या काळात त्यांनी ए-झिरो तयार केला. तपासलेले सगळे तुकडे एका चुंबकीय टेपवर साठवले आणि प्रत्येकाला एक ओळख-क्रमांक दिला. प्रोग्रॅमरने फक्त क्रमांक लिहायचे आणि कोणते आकडे त्या तुकड्याला द्यायचे ते सांगायचं. ए-झिरो टेपवर तो तुकडा शोधणार, त्याची हुबेहूब नक्कल घेणार, पत्त्यांच्या बेरजा करणार आणि सगळं जोडून पूर्ण प्रोग्रॅम हातात देणार.

त्यांनी याला कंपायलर म्हटलं, कारण ते विखुरलेले तुकडे संकलित करत होतं. आजच्या व्याख्येने पाहिलं तर ए-झिरो हा कंपायलरपेक्षा लिंकर आणि लोडर यांच्या जवळचा. लिंकर म्हणजे तुकडे जोडणारा, लोडर म्हणजे ते मेमरीत योग्य जागी बसवणारा. तुम्ही आज एखादा ॲप उघडता तेव्हा हेच दोघं पडद्यामागे काम करतात.

बास्केटबॉलमधून सुचलेली युक्ती

एक गाठ मात्र सुटत नव्हती. समजा प्रोग्रॅमला पुढच्या एका तुकड्यावर उडी मारायची आहे, पण तो तुकडा अजून मेमरीत बसवलेलाच नाही. मग पत्ता काय लिहायचा?

हॉपरबाई कॉलेजात बास्केटबॉल खेळायच्या. बायकांच्या खेळात तेव्हा चेंडूला एकाहून जास्त टप्पे मारायची परवानगी नव्हती. त्यामुळे चेंडू सोबतिणीकडे टाकायचा, आपण पुढे पळायचं आणि परत घ्यायचा. त्यांनी मेमरीच्या एका टोकाला थोडी जागा राखून ठेवली. पुढचा पत्ता माहीत नसेल तर त्या राखीव जागेकडे उडी मारायची आणि तिथे निरोप ठेवायचा. पुढचा तुकडा जागेवर बसला की राखीव जागेतून त्याच्याकडे जाणारी वाट भरून टाकायची.

ही केवळ जुनी गंमत नाही. लिनक्स किंवा अँड्रॉइडवरचा प्रोग्रॅम लायब्ररीतलं फंक्शन हाक मारतो तेव्हा साधारण हेच घडतं. लायब्ररी मेमरीत कुठे बसेल हे प्रोग्रॅम तयार होताना माहीत नसतं, म्हणून तो आपल्याजवळच्या एका तक्त्याकडे बोट दाखवतो. प्रोग्रॅम चालू झाला की लोडर त्या तक्त्यात खरे पत्ते भरतो. लायब्ररीच सापडली नाही तर भरायला पत्ताच नसतो. म्हणून प्रोग्रॅम पुढे जायला नकार देतो आणि ती खिडकी दाखवतो.

तयार होतं, पण कुणी हात लावेना

ए-झिरो चालत होता, तरी लोक तो वापरायला तयार नव्हते. कॉम्प्युटर फक्त आकडेमोड करू शकतो, प्रोग्रॅम तयार करणं त्याच्या आवाक्यातलं नाही, असा पक्का समज होता. शिवाय प्रोग्रॅमिंग ही मोजक्या लोकांची विद्या होती आणि यंत्राने ती करावी हे काहींना रुचत नव्हतं. हॉपरबाईंनी मे १९५२ मध्ये पिट्सबर्गच्या परिषदेत निबंध वाचला, भाषणं दिली, ए-वनही केला. १९५३ मध्ये ए-टू ग्राहकांना सोर्स कोडसकट दिला आणि सुधारणा सुचल्या तर कळवा असं सांगितलं. ओपन सोर्सची ही फार जुनी पावलं मानली जातात.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. लायब्ररीची कल्पना एकट्या हॉपरबाईंची नाही. इंग्लंडमध्ये केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर आणि स्टॅनली गिल यांनी एडसॅक या कॉम्प्युटरसाठी तयार तुकड्यांची लायब्ररी उभी केली होती आणि १९५१ मध्ये त्यावर पुस्तकही काढलं. हॉपरबाईंचं वेगळेपण असं की क्रमांक वाचून तुकडा शोधण्यापासून जोडण्यापर्यंतचं सगळं काम त्यांनी यंत्राच्या गळ्यात घातलं.

इंग्रजी शब्द, कोबॉल आणि व्हर्जनचा घोळ

पुढची उडी मोठी होती. आकड्यांच्या क्रमांकाने तुकडा बोलावता येतो, तर साध्या शब्दाने का नाही? यातून फ्लो-मॅटिक ही भाषा आली. व्यवस्थापनाला पटवताना हॉपरबाईंनी तोच प्रोग्रॅम इंग्रजीबरोबर फ्रेंच आणि जर्मन शब्दांतही लिहून दाखवला. त्यांच्या दृष्टीने शब्द म्हणजे नुसत्या खुणा, कुठल्याही भाषेतल्या चालतील. साहेब लोक मात्र दचकले. अमेरिकेत बनलेलं यंत्र फ्रेंच, जर्मन कसं समजेल, हेच त्यांना झेपेना. अखेर काम फक्त इंग्रजीत पुढे गेलं.

मे १९५९ मध्ये अमेरिकेच्या संरक्षण खात्याच्या पुढाकाराने पेंटागॉनमध्ये बैठक झाली. प्रत्येक कंपनीच्या कॉम्प्युटरची भाषा वेगळी, त्यामुळे यंत्र बदललं की सगळे प्रोग्रॅम नव्याने लिहायचे. यावर उपाय म्हणून कोबॉल ही सामायिक भाषा ठरवण्यात आली. ती समितीने केली, पण तिचा मोठा भाग फ्लो-मॅटिकवर उभा होता आणि हॉपरबाई तिच्या सल्लागार होत्या. डिसेंबर १९६० मध्ये एकच कोबॉल प्रोग्रॅम दोन वेगळ्या कंपन्यांच्या कॉम्प्युटरवर चालवून दाखवला गेला. आजही जगातल्या अनेक बँकांचे जुने व्यवहार कोबॉलवर चालतात.

१९६६ च्या अखेरीस नौदलाने त्यांना वयामुळे निवृत्त केलं. वर्षही झालं नव्हतं, तेवढ्यात १९६७ मध्ये ६ महिन्यांसाठी परत बोलावलं. कारण? प्रत्येक कंपनीने कोबॉलमध्ये आपापले बदल घुसवले होते. नाव एक, वागणं वेगळं. एका कोबॉलवर चालणारा प्रोग्रॅम दुसऱ्यावर अडायचा. हॉपरबाईंच्या गटाने कंपायलर तपासणारे प्रोग्रॅम लिहिले : नियमाप्रमाणे वागतोस का, ते आधी दाखव. ६ महिन्यांचं काम पुढे जवळपास १९ वर्षं चाललं.

लायब्ररीच्या दृष्टीने हा धडा फार महत्त्वाचा आहे. फाइल नुसती असून भागत नाही, ती ठरल्याप्रमाणे वागणारी हवी. म्हणूनच लायब्ररीच्या नावात व्हर्जनचा आकडा असतो. १९९० च्या दशकात विंडोजवर एक प्रोग्रॅम जुनी डीएलएल आणून नवीनवर टाकायचा आणि दुसरे प्रोग्रॅम कोसळायचे. लोक वैतागून याला डीएलएल हेल म्हणू लागले. गावाचं पातेलं नेलं आणि त्याच जागी घरचं लहान ठेवलं, असा तो प्रकार.

आता आपल्या कामाचं : फाइल हरवली तर काय करायचं?

हॉपरबाईंच्या कामाचं सार तीन गोष्टींत मावतं : मूळ जागा, बरोबर क्रमांक, हुबेहूब नक्कल. कुठल्याही अनोळखी साइटवरून सुटी डीएलएल उतरवणं म्हणजे पुन्हा वहीतून उतरवणं. मूळ कुणाची, व्हर्जन कोणतं, मध्ये कुणी काय घुसडलं, काहीच कळत नाही. आणि डीएलएल प्रोग्रॅमच्या आत शिरून चालते, त्यामुळे त्या प्रोग्रॅमला जे अधिकार आहेत ते सगळे तिला मिळतात.

विंडोजवर :

१. आधी एररमधलं नाव नीट वाचा. नावाची सुरुवात व्हीसीरनटाइम किंवा एमएसव्हीसीपी अशी असेल, तर मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल घ्या. ६४ बिट विंडोज असलं तरी ३२ बिट आणि ६४ बिट दोन्ही टाका, कारण कित्येक प्रोग्रॅम अजून ३२ बिटचे असतात.

२. जुन्या गेमला डी३डीएक्स किंवा एक्सइनपुट नावाची फाइल हवी असेल, तर मायक्रोसॉफ्टचं डायरेक्टएक्स एंड-युजर रनटाइम लागतं. नवीन विंडोजमध्ये नवं डायरेक्टएक्स असतं, पण हे जुने तुकडे त्यात नसतात.

३. फाइल त्या प्रोग्रॅमची स्वतःची असेल, तर प्रोग्रॅम काढून अधिकृत ठिकाणाहून परत टाका. त्याआधी अँटिव्हायरसचा क्वारंटाइन विभाग बघा. कधी कधी फाइल तिथे कोंडलेली असते. पण गेम क्रॅक केलेला असेल तर ती बाहेर काढायच्या भानगडीत पडू नका.

४. फाइल विंडोजचीच असेल, तर कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. आधी डीआयएसएमची रिस्टोअरहेल्थ ही दुरुस्ती चालवा, मग एसएफसीची स्कॅननाऊ ही तपासणी. पहिली मूळ साठा दुरुस्त करते, दुसरी त्या साठ्यातून बिघडलेल्या फाइल बदलते.

५. एक फसवी गोष्ट लक्षात ठेवा. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइल असतात, आणि ३२ बिटच्या फाइल सिसवॉव६४ मध्ये. नाव उलटं वाटतं, पण तसंच आहे. हाताने फाइल टाकणारे बहुतेक जण इथेच फसतात.

लिनक्सवर :

एलडीडी ही कमांड प्रोग्रॅमला कोणत्या लायब्ररी लागतात आणि त्यातली कोणती सापडत नाही, याची यादी देते. नाव कळलं की ते पॅकेज आपल्या लिनक्सच्या अधिकृत साठ्यातून टाका. लायब्ररी नेहमीपेक्षा वेगळ्या फोल्डरात स्वतः टाकली असेल, तर तो फोल्डर यादीत घालून एलडीकॉन्फिग चालवा. नव्या व्हर्जनला जुन्याचं नाव देऊन काम भागवू नका. उदाहरणार्थ, उबुंटू २२.०४ मध्ये ओपनएसएसएलचं ३ हे व्हर्जन आलं आणि १.१ मागणारे जुने प्रोग्रॅम अडले. ३ ला १.१ चं नाव चिकटवलं तरी प्रोग्रॅम बहुधा सुरूच होणार नाही. त्या प्रोग्रॅमचं नवं व्हर्जन घेणं हाच धड उपाय.

अँड्रॉइड फोनवर :

प्ले स्टोअर बऱ्याच ॲपचे तुकडे करून तुमच्या फोनच्या प्रोसेसरला लागेल तेवढाच भाग पाठवतं. मित्राने त्याच्या फोनमधली नुसती मुख्य एपीके फाइल पाठवली, तर लायब्ररीचा तुकडा मागेच राहू शकतो आणि ॲप उघडताक्षणी बंद पडतं. उपाय एकच : ॲप थेट प्ले स्टोअरवरून घ्या. दुसरं म्हणजे अँड्रॉइड सिस्टम वेबव्ह्यू अपडेट ठेवा. ॲपच्या आत वेबपेज दाखवणारा हा तुकडा असंख्य ॲप मिळून वापरतात. मार्च २०२१ मध्ये त्यात दोष शिरला आणि जगभरच्या फोनवर जीमेलसह अनेक ॲप धडाधड बंद पडू लागली. ॲप ठीक होती, पातेल्याला भोक पडलं होतं. नवं अपडेट आलं आणि सगळी एकदम सुरळीत झाली. सामायिक असण्याचा तोटा आणि फायदा एकाच आठवड्यात दिसला.

शेवटची वर्षं

नौदलात बढत्या मिळत गेल्या. १९७३ मध्ये कॅप्टन, १९८३ मध्ये कमोडोर, आणि १९८५ मध्ये तेच पद रिअर ॲडमिरल झालं. भाषणाला जाताना त्या सुमारे ३० सेंटिमीटर लांबीच्या तारांचे तुकडे घेऊन जायच्या आणि श्रोत्यांना वाटायच्या. एका नॅनोसेकंदात वीज जास्तीत जास्त एवढंच अंतर कापू शकते, हे हातात धरून समजावं म्हणून. त्यांच्या ऑफिसातलं घड्याळ उलटं फिरायचं. पूर्वी असंच करत होतो, हे कारण त्यांना सगळ्यात नावडतं, आणि वेळ उलट्या काट्यांनीही बरोबर सांगता येते हे ते घड्याळ रोज दाखवायचं.

१४ ऑगस्ट १९८६ रोजी बोस्टनमध्ये यूएसएस कॉन्स्टिट्यूशन या ऐतिहासिक जहाजावर त्यांचा निरोप समारंभ झाला. वय ७९. तेव्हा नौदलात सक्रिय असलेल्या अधिकाऱ्यांमध्ये त्या सर्वांत ज्येष्ठ होत्या. त्यानंतरही घरी न बसता डिजिटल इक्विपमेंट कॉर्पोरेशनमध्ये सल्लागार म्हणून काम केलं. १९९१ मध्ये त्यांना अमेरिकेचं राष्ट्रीय तंत्रज्ञान पदक मिळालं. १ जानेवारी १९९२ रोजी त्या गेल्या. आर्लिंग्टनच्या राष्ट्रीय दफनभूमीत लष्करी इतमामाने त्यांना निरोप देण्यात आला.

यूएसएस हॉपर ही युद्धनौका त्यांच्या नावाने आहे. २०१६ मध्ये त्यांना मरणोत्तर प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम देण्यात आलं. एआयची मॉडेल ज्या चिपवर तयार होतात, त्यातल्या एनव्हिडियाच्या एका पिढीचं नाव हॉपर आहे आणि त्याच कंपनीच्या एका प्रोसेसरचं नाव ग्रेस.

स्मारकं बरीच झाली. पण त्यांचं रोजचं स्मारक तुमच्या फोनमध्ये आहे. तुम्ही ॲपवर बोट ठेवता, आणि ते उघडेपर्यंतच्या अर्ध्या सेकंदात कितीतरी लायब्ररी नावाने शोधल्या जातात, त्यांचे पत्ते भरले जातात, सगळं जोडलं जातं. यातली एकही बेरीज माणसाला करावी लागत नाही, एकही ओळ वहीतून उतरवावी लागत नाही. म्हणून पुढच्या वेळी एखादी फाइल सापडत नाही असं कॉम्प्युटर म्हणाला, तर ती कुणाची आहे हे आधी पाहा आणि तिच्या मूळ मालकाकडूनच आणा.

लॅपटॉपसमोर डोकं धरून सुटी डीएलएल शोधत बसलेला एखादा मित्र असेल, तर हा लेख त्याला नक्की पाठवा.